हमीदचाचा नव्हे, बशीर मणेर

बातमी मला मोबाइलवर कळली, आणि वाचूनही पहिल्यांदा कळली नाही. मी हिंजवडीला मुलाकडे गेले होते. सकाळी अकराच्या सुमारास आमच्या जुन्या नाटकवाल्यांच्या ग्रुपवर एक फोटो आला. डोक्यावर जाळीची टोपी, डोळ्यांत सुरमा, गळ्यात ताईत, खांद्यावर चौकड्यांचा रुमाल, आणि खाली लिहिलेलं, 'सर्वांचे लाडके हमीदचाचा गेले.' मला वाटलं, कुणीतरी मालिकेची जुनी आठवण काढलीय. हमीदचाचा जाऊन तर तीन वर्षं झाली होती. मला पक्कं ठाऊक होतं, कारण त्यांना मीच मारलं होतं. त्या मालिकेची लेखिका मी होते. मग दुसरी ओळ वाचली. 'ज्येष्ठ अभिनेते बशीर मणेर यांचे आज पहाटे हृदयविकाराने निधन.' हातातला चहाचा कप मी ओट्यावर ठेवला आणि मुलाला म्हटलं, गाडी काढ.

हिंजवडीतून त्या वेळी बाहेर पडणं म्हणजे काय, हे मी पुणेकरांना सांगायला नको. कंपन्यांच्या बसेसच्या मागे आम्ही रांगत होतो आणि माझ्या फोनवर तोच टोपीवाला फोटो पुन्हा पुन्हा येत होता. दर वेळी वेगळ्या माणसाकडून, खाली हात जोडल्याची चिन्हं. शनिवार पेठेत त्यांच्या घरी पोहोचेपर्यंत तीन वाजले. दुपारच्या नमाजनंतर त्यांना घेऊन गेले होते. वरच्या खोलीत बायका कुराण वाचत बसल्या होत्या. त्यांची मुलगी रेहाना मला बघून उठली, गळ्यात पडली, आणि हळूच म्हणाली, "मावशी, बातमीत अब्बांचं नाव दुसऱ्या ओळीत आहे."

बशीरभाऊ माझ्यापेक्षा दहा वर्षांनी मोठे. 'भाऊ' का, तेही सांगते. कॉलेजात असताना मी एका हौशी नाट्यसंस्थेत प्रॉम्प्टर होते आणि ते आमचे मुख्य नट. पहिल्याच दिवशी मी त्यांना अदबीनं 'बशीरभाई' म्हटलं. त्यांनी माझ्याकडे चष्म्यावरून पाहिलं आणि विचारलं, "त्या कुलकर्ण्यांना काय म्हणतेस?" मी म्हटलं, "कुलकर्णीभाऊ." "मग मीच काय पाप केलंय?" तेव्हापासून ते भाऊच. शनिवार पेठेत घराच्या तळमजल्यावर त्यांचा पुस्तकबांधणीचा कारखाना होता. कारखाना म्हणजे दहा बाय बाराची खोली, एक कटिंग मशीन, पुस्तकं दाबून धरणारे दोन शिकंजे आणि कीड लागू नये म्हणून मोरचूद घातलेल्या खळीचं पातेलं. आजोबांपासूनचा धंदा. पुण्यातल्या कितीतरी वाचनालयांची फाटकी पुस्तकं तिथे येत आणि धडधाकट होऊन परत जात. पानं क्रमानं लावताना बशीरभाऊ ती वाचत, म्हणजे अक्षरशः सगळी वाचत, आणि एखाद्या वाचनालयाला पुस्तक उशिरा मिळालं तर समजावं, ते चांगलं असणार. त्यांच्या मराठीबद्दल मी वेगळं काही सांगत नाही, कारण 'मुसलमान असून किती छान मराठी' हे वाक्य त्यांना आयुष्यभर ऐकावं लागलं आणि प्रत्येक वेळी ते म्हणत, "हो ना, तुमचंही बरंच सुधारलंय."

हौशी रंगभूमीवर त्यांनी वकील केला, पोस्टमास्तर केला, मुलीच्या लग्नापायी हबकलेला बाप केला. त्या काळी आम्हाला दुसरं काही सुचायचंही नाही. संस्थेत एवढा चांगला नट दुसरा नव्हता, म्हणून मुख्य भूमिका त्यांची. बस. आम्ही फार पुढारलेले होतो असं नाही. आमच्याकडे माणसंच कमी होती. पुढे मालिकांचे दिवस आले, मी संवाद लिहायला लागले, आणि बशीरभाऊंनाही बोलावणी येऊ लागली. तिथे मात्र माणसांची ददात नव्हती, त्यामुळे वकिलासाठी वकिलासारखा दिसणारा मिळत होता आणि बशीरभाऊंच्या वाट्याला ते गाठोडं आलं.

ते गाठोडं मी डोळ्यांनी पाहिलंय. कपडेपटाच्या खोलीत खिळ्यावर पिशव्या टांगलेल्या असतात. 'पोलीस', 'डॉक्टर', 'वारकरी', 'नर्स'. त्यातच एक पिशवी होती, तिच्यावर मार्करनं लिहिलं होतं, 'मुसलमान'. आत एक लुंगी, जाळीची टोपी, ताईत, रुमाल, सुरम्याची डबी. मालिका कोणतीही असो, दिग्दर्शक कुणी असो, सकाळी बशीरभाऊ सेटवर आले की कपडेपटातला माणूस ती पिशवी काढून त्यांच्या हातात द्यायचा. घरून ते इस्त्रीचा पांढरा शर्ट आणि पँट घालून येत. सात वाजता मुसलमान म्हणून घरातून निघालेला माणूस आठ वाजता कपडे बदलून मुसलमान होत असे. ते हसून म्हणत, "वसुधा, आमच्या खानदानात लुंगी नेसलेला मी पहिलाच."

त्यांनी चार मालिकांत खाटीक केला. पित्ताचा त्रास असल्यानं ते मटण खात नसत आणि सुरा कसा धरतात हे त्यांना माहीत नव्हतं, म्हणून पेठेतल्या एका ओळखीच्या हिंदू खाटकाकडे ते आठवडाभर शिकवणीला गेले. तो बिचारा म्हणाला, "मणेरसाहेब, हे तुम्हाला कशाला हवंय?" ही गोष्ट ते इतकी रंगवून सांगत की आम्ही पोट धरून हसायचो. मीही हसायचे. मालिकेतल्या खाटकाच्या तोंडची वाक्यं मीच लिहिलेली असायची. "हमकू क्या मालूम साब, हम तो सीधासाधा आदमी हाय," असलं काहीतरी. एकदा त्यांनी कागद वाचून मला विचारलं होतं, "हे कुठं बोलतात गं?" मी म्हटलं, तुमच्याकडे. ते म्हणाले, "आमच्या घरी दखनी बोलतात, ती अशी नाही. बाहेर आम्ही मराठी बोलतो, तीही अशी नाही. ही जी आहे, ती फक्त तुझ्या टेबलावर बोलतात." तरीही त्यांनी ती वाक्यं चोख म्हटली. आणि मी पुढच्या मालिकेत पुन्हा तशीच लिहिली. सवय झाली होती, शिवाय कुणी हरकत घेत नव्हतं.

रेहाना इंजिनिअर झाली, हिंजवडीत नोकरीला लागली. रोज कंपनीच्या बसमध्ये जाऊन-येऊन चार तास मोडत, म्हणून तिथेच एखादी भाड्याची जागा बघावी असं ठरलं. एका रविवारी बापलेक जागा बघायला गेले. दलाल पोरगा बशीरभाऊंना पाहून हरखला. त्यानं त्यांच्याबरोबर सेल्फी काढला, बायकोला पाठवला. तिसऱ्या मजल्यावरच्या मालकीणबाईंनी दार उघडलं, त्यांना ओळखलं, आणि दारातच त्यांच्या त्या वेळच्या मालिकेचं कौतुक केलं. त्या मालिकेत बशीरभाऊ दुकानाच्या माळ्यावर स्फोटकं लपवत होते. बाई दहा मिनिटं बोलल्या, पण दारातून बाजूला झाल्या नाहीत. खाली आल्यावर दलाल मान खाली घालून म्हणाला, "काका, ओनरला फॅमिली पाहिजे म्हणे." रेहाना म्हणाली, "आम्ही कोण आहोत मग?" तशा पाच जागा झाल्या, मग त्यांनी नाद सोडला. रेहाना आजही बसनंच जाते.

हे सगळं त्यांनी मला आमच्या नारायण पेठेतल्या घरी येऊन सांगितलं, तेही गमतीनंच. "बाईंना मी आवडत होतो, हं. पण टीव्हीत. जिन्यात नको." मी हसले नाही. मग इतक्या वर्षांत पहिल्यांदा आणि शेवटचं त्यांनी माझ्याकडे काही मागितलं. "माझ्यासाठी एक भूमिका लिही, वसुधा. मोठी नको. दार वाजतं. आतली बाई दार उघडते, म्हणते, या सर, बसा, चहा टाकते. मी आत जातो, बसतो. त्यानंतर मी स्फोटकं काढत नाही, की कुणासाठी जीवही देत नाही. चहा पितो आणि घरी जातो. लोकांना हे रोज दिसू दे. आठवड्यातून सहा दिवस, वर्षभर. मग बघू पुढची बाई दारातून बाजूला होते का."

मी शब्द दिला. आणि नेमकं त्याच वर्षी मला नवी मालिका मिळाली, कथाही माझीच. नायिकेच्या शेजारी मी इनामदार सर राहायला आणले. मराठी शाळेतले गणिताचे निवृत्त शिक्षक. तिरसट, क्रिकेटवेडे, फळ्यावर खडू आपटून बोलणारे, शेजारणीला उसनं विरजण मागणारे. ते मुसलमान होते ते नावापुरते, म्हणजे जसे आपण सगळे आपापल्या धर्माचे असतो तसे. पहिले दहा भाग लिहून मी बशीरभाऊंना वाचायला दिले. दोन दिवसांनी त्यांचा फोन आला. "सर कोणत्या इयत्तेला शिकवायचे?" मी म्हटलं, आठवी असेल. "असेल नको, ठरव." मी ठरवलं, आठवी.

वाहिनीच्या बैठकीत एक सव्विसेक वर्षांची हुशार मुलगी होती. ती वाईट होती असं मी म्हणणार नाही; मला ते सोयीचं होईल, पण खरं नाही. ती म्हणाली, "मॅम, कॅरेक्टर क्यूट आहे, पण ते मुस्लिम आहेत हे रजिस्टरच होत नाहीये." मी म्हटलं, नाव आहे, मुलीचं नाव आहे, ईदचा एक प्रसंग आहे. "इनामदार तर आपल्यातही असतात ना मॅम. ऑडियन्स कन्फ्युज होईल." मी भांडले. भांडून असं मिळवलं की टोपी फक्त शुक्रवारी घालतील. पंधरा दिवसांत ती रोज आली. शाळा दाखवायला सेट नव्हता, अत्तराच्या दुकानाचा जुना सेट होता, म्हणून सरांनी निवृत्तीनंतर अत्तराचं दुकान काढलं. नायिकेनं 'सर' म्हणण्यापेक्षा 'चाचा' म्हटलं तर जवळीक वाटेल, असं निघालं. मग नाव हमीदचाचा झालं. प्रत्येक वेळी मी स्वतःशी म्हणायचे, एवढ्यानं काय होतंय, माणूस तर तोच आहे. प्रत्येक बदल लहान होता, आणि प्रत्येक बदलाखाली माझी सही होती. बशीरभाऊंना मी फोनवर कळवायचे. ते फक्त "बरं" म्हणायचे.

दाराचा प्रसंग मात्र मी सोडला नाही. तो चित्रित झाला. मी मुद्दाम सेटवर गेले होते. शेजारीण दार उघडते, म्हणते, या, बसा, चहा टाकते. बशीरभाऊ आत येऊन खुर्चीत बसले ते असे, की वीस वर्षं त्याच खुर्चीत बसत असावेत. एका टेकमध्ये झालं. आठवड्यानं मी घरी टीव्हीसमोर बसले, शेजारणीनं दार उघडलं, आणि मुसलमान पात्र आलं की वाजवतात ती सारंगी मागून सुरू झाली. खाली चहा, वर सारंगी. संकलनात कुणालातरी ते सुनं वाटलं असणार. मला बशीरभाऊंना फोन करायचा धीर झाला नाही.

आणि मग मालिका घसरायला लागली. गणपतीच्या दिवसांत काहीतरी मोठं घडवा, असा निरोप आला. काय मोठं, ते मी सुचवलं. हे मी आजवर कुणालाही सांगितलेलं नाही. सगळे समजतात वाहिनीनं सुचवलं. मी सुचवलं. विसर्जनाच्या गर्दीत मांडवाची कमान कोसळते आणि नायिकेच्या धाकट्या भावाला ढकलून बाजूला करताना हमीदचाचा कमानीखाली सापडतात. मरताना नायिकेच्या डोक्यावर हात ठेवतात. मला खरोखर वाटलं, हा मी त्यांचा सन्मान करतेय. स्फोटकं लपवणारा माणूस मी देवमाणूस केला, आणखी काय हवं? तो भाग मी एका दुपारी, रडत रडत लिहिला. अवघा महाराष्ट्र रडला म्हणे. मला इतके फोन कधी आले नव्हते.

चित्रीकरण संपवून बशीरभाऊ कपडे बदलून बाहेर आले, पिशवी कपडेपटातल्या माणसाच्या हातात दिली आणि माझ्याजवळ येऊन उभे राहिले. आवाजात राग नव्हता. "तू मला पहिल्यांदा चांगला माणूस केलंस," ते म्हणाले, "आणि चांगला झालो म्हणून मारलंस. वाईट होतो तेव्हा निदान शेवटच्या भागापर्यंत टिकायचो." मी काहीतरी म्हणाले, वाहिनी, दबाव, तुम्हाला कल्पना नाही... खोटं बोलले. त्यांनी ऐकून घेतलं. "चल, उशीर झाला," म्हणाले, आणि निघाले.

त्यानंतर त्यांनी काम घेतलं नाही. भांडलेही नाहीत. ईदला शीरखुर्मा येत राहिला, दिवाळीला आमचा फराळ जात राहिला. नाटकांवर बोलायचो, पुस्तकांवर बोलायचो. मालिकेचा विषय निघाला की ते खिडकीबाहेर बघत. मी दर वेळी ठरवून जायचे की आज खरं सांगायचं, ते माझं डोकं होतं, माफ करा. तीन वर्षांत ते जमलं नाही. माणूस समोर होता, चहा समोर होता, वेळ होता. जमलं नाही एवढंच.

पंधरा दिवसांनी नारायण पेठेतल्या एका छोट्या सभागृहात शोकसभा झाली. टेबलावर हार घातलेला तोच फोटो, टोपी, सुरमा. रेहानानं घरचा साधा फोटो पाठवला होता. त्यात ते ओळखू येत नाहीत, असं आयोजकांचं म्हणणं पडलं. एक ज्येष्ठ रंगकर्मी बोलताना गहिवरून म्हणाले, "बशीरभाई आपल्यातलेच होते. इतक्या वर्षांत ते मुसलमान आहेत असं कधी जाणवूच दिलं नाही त्यांनी." सभागृहानं माना डोलावल्या. मग पडद्यावर तो कमान कोसळण्याचा प्रसंग दाखवला. माझ्या शेजारची बाई मुसमुसत होती. रेहाना उठून बाहेर गेली. मला बोलायला बोलावलं. मी मनाशी सगळं जुळवून गेले होते. माइकसमोर उभी राहिले आणि त्यांच्या विनोदबुद्धीबद्दल, वाचनाबद्दल चार गोड वाक्यं बोलून खाली बसले. टाळ्याही पडल्या. बाहेर आले तर रेहाना जिन्यात उभी होती. तिनं विचारलं, "मावशी, आपल्यातले म्हणजे कुणातले? अब्बा इथलेच होते ना?" तिथं जे बोलायला हवं होतं ते मी आज इथं लिहितेय. हे धाडस नाही. समोर कुणी नसताना लिहिणं सोपं असतं.

गेल्या आठवड्यात रेहानानं कारखाना आवरायला घेतला, तेव्हा मला बोलावलं. वाचनालयांची पुस्तकं तिनं बाजूला काढून ठेवली होती. मग टेबलाच्या खणातून तिनं एक जाड वही काढली, शाळेच्या मुलांची असते तशी. "तुम्हाला माहीत असेल ना ही?" मला माहीत नव्हती. पहिल्या पानावर वळणदार अक्षरात लिहिलं होतं, 'आठवी, गणित. श्री. इनामदार.' आत गणितं होती. समीकरणं, व्याज, त्रिकोणाचे कोन. पायरी पायरीनं सोडवलेली, चुकलेली खोडून पुन्हा केलेली. सुरुवातीची पानं मी भूमिका वाचायला दिली तेव्हाची असणार. ज्या मालिकेत फळा एकदाही दिसला नाही, तिच्यासाठी हा माणूस साठी ओलांडल्यावर आठवीचं गणित शिकत बसला होता.

मी म्हटलं, अगं, मला सांगितलं नाही त्यांनी. रेहाना म्हणाली, "मालिका संपल्यावरही करायचे. रोज दुपारी जेवल्यावर रद्दी कागदावर दोन गणितं, वहीत उतरवायचे एखादंच. मी सुट्टीच्या दिवशी चहा घेऊन खाली आले की हात वर करून म्हणायचे, थांब, तास चालू आहे." तीन वर्षं. मी ज्यांना एका दुपारीत संपवलं, त्यांना बशीरभाऊ तीन वर्षं रोज शाळेत पाठवत होते. मी त्यांच्या स्टुलावर बसले आणि तिथं, त्या खळीच्या वासात, इतक्या दिवसांत पहिल्यांदा रडले. रेहानानं पाणी आणलं. वही घेऊन जा म्हणाली. मी म्हटलं, नको, ती तुझी आहे.

शेवटचं गणित वहीच्या साधारण मध्यावर आहे. त्याच्या पुढे काही लिहिलेलं नाही. पण उरलेल्या प्रत्येक पानावर, थेट शेवटच्या पानापर्यंत, लाल पेन्सिलीनं पट्टी धरून समास आखून ठेवलेला आहे.